फ्रिजमधलं भारी इंजेक्शन

मी एक जुना फ्रिज आहे आणि या घडीला माझ्या पोटात तीन रजया, एक मच्छरदाणी आणि हेमलताबाईंच्या लग्नातलं जरीचं पातळ ठेवलेलं आहे. हसा मित्रांनो, खुशाल हसा! जबलपूरच्या दीक्षितपुऱ्यात, एका घराच्या मागच्या खोलीत मी उभा आहे. माझी वायर कापून कोणीतरी मिक्सरला लावली. उंदरांपासून कपडे राखायचे, एवढीच नोकरी आता उरली. पण मला राग आहे तो त्याचा नाही. म्हातारपणी कोणाला कुठे उभं करतील याचा नेम नसतो, हे मला कळतं. माझा राग वेगळा आहे आणि तो मी फार दिवस दाबून धरला आहे. आज सांगून टाकतो.

माझा जन्म एका मोठ्या कारखान्यात झाला. पत्रा वाकवला, आत कापसासारखं काहीतरी ठासून भरलं, मागे नळ्यांची जाळी बसवली आणि पांढरा रंग मारला. रंग असा चकचकीत होता की ज्या माणसाने मला पुसलं त्याने माझ्याच अंगात बघून भांग पाडला! तिथून रेल्वेने जबलपूर, आणि स्टेशनपासून हातगाडीवर थेट मुरलीधरभाऊंच्या दवाईच्या दुकानात.

मुरलीधरभाऊंचे वडील वर्ध्याकडून नोकरीसाठी इकडे आले आणि फॅक्टरीतून रिटायर झाले. मुलाला काही फॅक्टरीत जागा मिळाली नाही. पण सून हेमलताबाई फार्मसी शिकलेल्या होत्या. मग हेमलताबाईंच्या नावाने लायसन काढलं आणि दीक्षितपुऱ्याच्या कोपऱ्यावर दुकान थाटलं. मी आलो त्या दिवशी माझ्या दारावर कुंकवाचं स्वस्तिक काढलं, नारळ फोडला. मुरलीधरभाऊ माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "चलो, आता आपलं दुकान खरं मेडिकल झालं!"

आणि मीही काम चोख केलं, बरं का. मधुमेहाचं इन्सुलिन, धनुर्वाताची लस, कुत्रा चावल्यावरची लस, सगळं माझ्या हवाली होतं. एकदा भर दुपारी गल्लीतल्या शकूला कुत्रा चावला. तिचा बाप धापा टाकत आला आणि हेमलताबाईंनी माझ्यातून लस काढून त्याच्या हातात दिली. "बरं झालं दीदी, तुमच्याकडे फ्रिज आहे," असं तो म्हणाला. कौतुकाचं हे एक वाक्य मला अनेक उन्हाळे पुरलं.

आता मुद्द्यावर येतो. मित्रांनो, तुमच्यातले थोरले समजतील, धाकट्यांनी एवढंच समजावं की पुढचं मूल कधी हवं हे आईला ठरवता यावं म्हणून एक इंजेक्शन असतं. दर तीन महिन्यांनी एकदा घ्यायचं, रोजच्या गोळीची कटकट नाही. दुकानात ते स्वस्तातलं मिळायचं. साध्या पुठ्ठ्याच्या डब्यात, सोबत सुई. ते माझ्यात नसायचं, समोरच्या लाकडी कपाटात खोकल्याच्या औषधाशेजारी असायचं. त्याला थंडी लागतच नाही. घरातल्या साध्या हवेत ते सुखाने राहतं.

हे इंजेक्शन न्यायला जबलपूरजवळच्या कुंडम गावाहून अंजनी यायची. तिचा नवरा विष्णू जंगल खात्याच्या डेपोत रोजीवर होता. पदरात दोन मुलं. अंजनीच्या मनात नर्सचं ट्रेनिंग करायचं होतं, होस्टेलवर राहून. मुलांना सांभाळायला सासू तयार होती, फॉर्म भरला होता, नाव लागायची वाट होती. "आता तिसरं राहिलं तर सगळं गेलं पाण्यात," असं ती हेमलताबाईंना दर खेपेला सांगायची. ती इंजेक्शन घेऊन बसने कुंडमला जायची आणि तिथल्या रिटायर नर्स बेबीताई ते टोचून द्यायच्या. किती साधी गोष्ट होती ही! कोणाला काही त्रास नव्हता.

त्रास झाला तो किमतीचा. स्वस्त इंजेक्शनावर दुकानदाराला मिळायचंच मुळी थोडं. मग कंपनीने वरून तेही कापलं. छापील किंमत तीच, पण दुकानदाराचा वाटा उतरला. होलसेलवाला म्हणू लागला, सुटे डबे देत नाही, पूर्ण पेटी उचला. पेटी उचलली तर अर्धी एक्सपायरीला जाणार. त्यात शहरातल्या राइट टाउन भागात एक मोठं काचेचं दुकान उघडलं, सगळ्या औषधांवर सूट देणारं! गिऱ्हाईक इकडे येऊन म्हणे, "भैया, वहाँ तो कम में मिलता है." मुरलीधरभाऊ आधी समजावत, मग चिडत, शेवटी गप्प बसून सूट देत. संध्याकाळी स्टुलावर बसून हेमलताबाईंना म्हणायचे, "हे इंजेक्शन विकून चहाही सुटत नाही. वरून प्रत्येक बाईले अर्धा अर्धा घंटा समजवा. काहून करावं मी हे?"

"लोकांना लागतं म्हणून," हेमलताबाई म्हणत.

"लोकांना लागतं, तर कंपनीने मला दोन पैसे जास्त द्यावे ना!"

हे त्यांचं म्हणणं काही खोटं नव्हतं. मी त्यांना लबाड म्हणत नाही. दुकानाचं भाडं वाढलं होतं, आणि सगळेच वरून खाली दाबत होते. सगळ्यात खाली मुरलीधरभाऊ होते, असं त्यांना वाटायचं. त्यांच्याही खाली कोणी आहे हे काउंटरच्या आतून दिसत नाही.

मग एक दिवस कंपनीचा माणूस दिवाकर बॅग घेऊन आला. त्याच्याकडे तेच इंजेक्शन होतं, पण दुसऱ्या नावाचं, चकचकीत डब्यातलं आणि बऱ्याच जास्त किमतीचं. "भाईसाब, यात तुमचं चांगलं निघतं, आणि दहावर एक फ्री," तो म्हणाला. मुरलीधरभाऊंनी घेतले डबे. पण ते खपेनात. बाया दोन्ही डबे हातात घेऊन विचारत, फरक काय? आणि हेमलताबाई सरळ सांगत, "औषध एकच आहे दोन्हीत." झालं! स्वस्तातलं घेऊन बाई चालती व्हायची.

आणि मग ती घटना घडली जिच्यामुळे माझं आयुष्य नासलं. दिवाळीच्या आधी दुकान आवरताना कपाटात जागा उरली नाही म्हणून मुरलीधरभाऊंनी ते चकचकीत डबे तात्पुरते माझ्या मधल्या कप्प्यात सरकवले. दुसऱ्या दिवशी एक बाई आली. हेमलताबाई जेवायला घरी गेल्या होत्या. भाऊंनी माझं दार उघडून डबा काढला. डबा थंडगार, वर दव धरलेलं. बाईने तो गालाला लावून बघितला आणि म्हणाली, "अच्छा, ये फ्रिजवाला है? तब तो बढ़िया होगा." एका पैशाची घासाघीस न करता पैसे देऊन गेली.

मुरलीधरभाऊ माझ्याकडे बघत उभे राहिले. माझ्या दारावरून त्यांनी हळूच हात फिरवला. असा हात त्यांनी आधी कधी फिरवला नव्हता आणि मला तेव्हा बरंही वाटलं.

त्यानंतर ते डबे माझ्यातून हलले नाहीत. भाऊ तोंडाने खोटं बोलत नसत, हे मी शपथेवर सांगतो. "हे थंडच ठेवावं लागतं" असं त्यांनी कोणालाही कधी म्हटलं नाही. फक्त दार उघडायचे, जरा जास्तच काळजीने डबा काढायचे आणि कागदात गुंडाळून द्यायचे. बाकीचं बाई आपल्या मनानेच समजायची. हेमलताबाई भांडल्या. "अहो, त्यावर लिहिलंय, साध्या हवेत ठेवा म्हणून!"

"इतक्या बारीक इंग्रजीत कोण वाचते? आणि थंड ठेवल्याने कोणाचं काय बिघडून राहिलं?"

मी इकडे जोरजोरात घरघर करत होतो. बिघडेल भाऊ, बिघडेल! पण फ्रिजची घरघर कोणाला समजते? भाऊंनी माझ्या बाजूला एक रपाटा दिला आणि म्हणाले, "हा पण म्हातारा झाला वाटते."

त्या हिवाळ्यात स्वस्त इंजेक्शन दुकानातून गेलं. कोणी बंदी घातली नव्हती. पेटी उचलणं कोणालाच परवडेना, मग सगळ्या दुकानांतून एकामागून एक ते नाहीसं झालं. अंजनी होळीच्या सुमारास आली तेव्हा लाकडी कपाटातली ती जागा रिकामी होती. काउंटरवर भाऊ एकटे होते.

"भैया, माझं नेहमीचं?"

"ते बंद झालं. हे आहे." भाऊंनी माझं दार उघडलं.

किंमत ऐकून अंजनीने पदराची गाठ सोडली, पुन्हा बांधली, पुन्हा सोडली. साडीला ठेवलेले पैसे होते ते. शेवटी म्हणाली, "द्या. ट्रेनिंगचं नाव लागलं माझं, आता चुकवून नाही जमत." मग तिने मला निरखून पाहिलं. "हे फ्रिजमधलं आहे. मग मी कुंडमपर्यंत कशी नेऊ?"

बघा मित्रांनो, इथे एक वाक्य बोलायचं होतं. "असंच ने, काही होत नाही." एवढंच! भाऊंच्या ओठांपर्यंत ते आलेलं मी पाहिलं. पण तसं म्हटलं असतं तर ती विचारणारच होती, मग महाग काहून? भाऊंनी माझ्या बर्फाच्या खणातून मूठभर बर्फ काढून प्लॅस्टिकच्या पन्नीत बांधला आणि डब्याला गुंडाळून दिला. "घ्या," म्हणाले. माझाच बर्फ! त्या खोट्यात माझाच बर्फ गेला, याची चीड मला आजही येते.

पुढे काय झालं ते आम्हाला तेव्हा कळलं नाही. महिने गेले. आषाढ तोंडावर आला तरी उकाडा हटेना. एके दिवशी सकाळीच गल्लीतला ट्रान्सफॉर्मर फट्कन उडाला. दुपारपर्यंत लाइट नाही. माझ्या अंगातून पाणी झिरपू लागलं. मुरलीधरभाऊ घामाघूम होऊन थर्माकोलचा खोका आणि बर्फाची लादी घेऊन आले आणि माझ्यासमोर गुडघे टेकून इन्सुलिन, लस असं एकेक खोक्यात हलवू लागले. हेमलताबाई काउंटरवर पुठ्ठ्याने वारा घेत होत्या. तेवढ्यात अंजनी आली.

ती वाळली होती. हळूच म्हणाली, "दीदी, ती दिवस राहिले का तपासायची पट्टी द्या."

हेमलताबाईंचा हात थांबला. "अगं, तू तर इंजेक्शन घेतलंस ना?"

"कुठून घेतलं! त्या दिवशी बस रस्त्यातच बिघडली. दुसरी बस येईपर्यंत सांज झाली आणि बर्फाचं सारं पाणी झालं. मी तशीच धावत बेबीताईकडे गेली. त्या म्हणाल्या, दुकानात कुठे ठेवलं होतं? मी म्हटलं, फ्रिजमध्ये. मग त्यांनी हातच नाही लावला. म्हणाल्या, बाई, मी सारी जिंदगी लसीचा डबा घेऊन गावोगाव फिरली, बर्फ वितळला की लस बेकार, आम्ही एक थेंब नाही देत. तुले खराब इंजेक्शन देऊन माझ्या हाताने पाप नाही करत. फेकून दिलं त्यांनी. मी पण म्हटलं, बरोबर आहे, गलती माझीच, बर्फ जास्त न्यायला पाहिजे होता."

"मग दुसरं का नाही नेलंस?"

"इतके पैसे कुठून आणू दीदी? नेहमीचं सगळीकडे विचारलं. कुठेच नाही."

बेबीताईंचंही काय चुकलं? लसीला बर्फ लागतो, हे त्यांच्या हाडीमाशी भिनलं होतं. त्यांनी प्रामाणिकपणे चांगलं इंजेक्शन फेकलं. प्रामाणिक बाईच्या हातून एवढं मोठं नुकसान करवून घ्यायला आमच्या दुकानाला फक्त मूठभर बर्फ लागला.

हे सगळं चाललं होतं आणि मुरलीधरभाऊंचं लक्षच नव्हतं. बर्फ वितळायच्या आत त्यांना खोका भरायचा होता. भरला, झाकण लावलं, घाम पुसला. अंजनी वाकून माझ्यात बघत होती. तिला माझ्या मधल्या कप्प्यातले चकचकीत डबे दिसले. आणि स्वतःचं एवढं झालेलं असताना ती पोरगी दुसऱ्यांसाठी हळहळली हो!

"अवो भैया, ते राहिले ना! बायांच्या इंजेक्शनाचे डबे. ते पण ठेवा बर्फात, नाही तर कोणाचं तरी खराब होईल."

"राहू दे वो," भाऊ खोका उचलत घाईने म्हणाले, "त्याले काही होत नाही. साध्या कपाटात राहते ते."

तोंडातून निघून गेलं आणि मग त्यांना कळलं. खोका तसाच हातात धरून ते उभे राहिले. हेमलताबाईंनी पुठ्ठा खाली ठेवला.

अंजनी ओरडली नाही. तिने माझ्याकडे बघितलं, मग भाऊंकडे. "मग माझं काहून फेकलं?"

तिने मधल्या कप्प्यातला एक डबा उचलून काउंटरवर ठेवला.

"मग फ्रिजमध्ये काहून ठेवत होते, भैया?"

तेव्हा मुरलीधरभाऊ बोलायला लागले, आणि खूप बोलले. कंपनीने वाटा कसा कापला, होलसेलवाला पेटीशिवाय कसा देत नाही, त्या मोठ्या दुकानाने कसं मारून ठेवलं, भाडं, लाइटचं बिल. "मी काय करू? भाव मी थोडी ठरवतो?" त्यातलं प्रत्येक अक्षर खरं होतं. अंजनीने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "महाग आहे तर महाग म्हणायचं होतं. मी दिले असते पैसे. दिलेच होते ना!"

भाऊंनी पट्टीचे पैसे नको म्हटले. तिने ते काउंटरवर ठेवले आणि उन्हात निघून गेली.

पट्टीवर काय आलं हे वेगळं सांगायला नको. ट्रेनिंगची जागा दुसऱ्या कोणाला गेली. माघात अंजनीला मुलगी झाली. गोड पोर आहे म्हणतात. त्या पोरीचा यात काय दोष? पण जी गोष्ट आईने ठरवायची होती ती एका दुकानाच्या नफ्याने ठरवली. बेबीताईंना जेव्हा खरं कळलं तेव्हा त्या म्हातारीने दोन दिवस अन्न घेतलं नाही, असं कुंडमहून आलेल्या माणसाने सांगितलं.

त्या दिवसापासून हेमलताबाईंनी ते डबे माझ्यातून काढून लाकडी कपाटात ठेवले. मीही नंतर पूर्वीसारखा चाललो नाही. दुकानात काचेच्या दाराचा नवा फ्रिज आला. आणि मुरलीधरभाऊंच्या मनात काय आलं कोण जाणे, त्यांनी मला दुरुस्त केलं, धुतलं, पुसलं आणि नथ्थूच्या टेम्पोत चढवून कुंडमला अंजनीच्या घरी पाठवलं. फुकट, भेट म्हणून! माझी छाती फुलली. वाटलं, आता तरी काही चांगलं ठेवीन पोटात. पोरीचं दूध ठेवीन.

अंजनी पोरीला काखेत घेऊन बाहेर आली. तिने मला लगेच ओळखलं. माझं दार उघडलं, मधल्या कप्प्यावर हात ठेवला.

"दीदी, फ्री में दे रहे हैं, रख लो," नथ्थू म्हणाला.

"घेऊन जा भैया," ती म्हणाली. "भाऊले सांगा, माझं इंजेक्शन माझ्या घरच्या फळीवर चांगलंच राहिलं असतं." आणि दार लावलं. आपटलं नाही, नीट लावलं.

त्याच टेम्पोने मी परत आलो. तेव्हापासून इथे आहे, रजया सांभाळत. थंडीत हेमलताबाई रजई काढायला येतात तेव्हा एकट्याच पुटपुटतात, त्यावरून मला दुकानाची खबर मिळते. परवा म्हणत होत्या, भाऊंनी ते डबे पुन्हा नव्या फ्रिजमध्ये ठेवलेत. काचेचं दार आहे, बाहेरूनच दिसतात. त्या सकाळी काढतात, संध्याकाळी ते पुन्हा आत गेलेले असतात. ऐकून माझ्या नळ्या तापल्या! पण वायरच नाही, करतो काय?

मित्रांनो, तुमच्या घरचा फ्रिज वेळेवर पुसा, दार हळू लावा, साठलेला बर्फ सुरीने खरवडू नका. पण एवढ्याने आमची काळजी घेतली असं होत नाही. आमची थंडी जिथे लागते तिथेच वापरा. आणि कधी दुकानातून आईसाठी, ताईसाठी औषध आणायला गेलात आणि कोणी ते फ्रिजमधून काढून दिलं, तर तिथेच उभं राहून विचारा, हे बाहेर ठेवलं तर चालतं का? लाजू नका. दुकानदार चिडला तरी विचारा. मला सगळं ठाऊक होतं, पण मला नुसती घरघर करता येत होती. तुम्हाला तर बोलता येतं.